विलायती किल्ला आणि आईची अधेली

आबा,

काल लक्ष्मीपूजनाच्या आधी मी ट्रंकेतून तुमचा फोटो काढला, पदराने पुसला आणि परत पालथा घालून ठेवला. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली. संस्थान विलीन झालं, ज्या साहेबांपुढे तुम्ही कमरेत वाकायचात ते बोटीत बसून आपल्या देशाला निघून गेले, तरी तुमच्याबद्दल मला वाटणारी किळस काही गेली नाही. हा शब्द बापाला वापरू नये हे मला कळतं. मी शाळेत मुलींना शिकवते, कुठला शब्द कुठे शोभतो हे सांगण्याचाच मला पगार मिळतो. पण दुसरा शब्द मी शोधून पाहिला, सापडला नाही. राग म्हणावं, तर राग कधीतरी निवतो. हे निवत नाही. जेवता जेवता ताटात केस निघावा आणि पुढचा घास जाऊ नये, तसं तुमच्या आठवणीचं होतं. तुमचं काही चांगलं आठवायला घेतलं की आधी तो किल्ला समोर येतो, त्याच्याशेजारी चिखलाने भरलेले हात घेऊन उभी असलेली आई येते, आणि मग तुमचं ते इंग्रजी वाक्य येतं. आज मी हे सगळं लिहून काढणार आहे, कारण त्यातली एक गोष्ट तुम्हाला माहीत नाही आणि ती तुम्हाला कळायलाच हवी.

तुम्ही हिर्डोशीकडचे. नाचणीच्या भाकरीवर वाढलात, शिकण्यासाठी डोंगरवाटेने पायी भोरला आलात, लोकांच्या ओसरीवर झोपून परीक्षा दिल्यात आणि संस्थानच्या शाळेत मास्तर झालात. तुमच्या भावकीत एवढं कुणी शिकलं नव्हतं. ह्याचा अभिमान मला लहानपणी फार होता, आणि खरं सांगायचं तर त्या शिकण्याबद्दल अजूनही आहे. पण शिकल्यावर तुम्ही जे झालात, ते मला पाहवत नाही. डोक्याला रुमाल, अंगात काळा कोट, आणि तोंडात अशी भाषा की गावाकडून कुणी भेटायला आलं तर बिचारा उंबऱ्यातच अवघडून जायचा. आई वेल्ह्याची, तोरण्याच्या पायथ्याची. ती ‘न्हाई’ म्हणाली की तुम्ही ‘नाही’ म्हणायचात, ती ‘हितं’ म्हणाली की तुम्ही ‘इथे’ म्हणायचात, भाकरी मोडता मोडता, तिच्याकडे न बघता. काही दिवसांनी ती तुमच्यासमोर बोलेनाशीच झाली. मामा मुंबईला गोदीत हमाली करत होता. शेजारीपाजारी तुम्ही सांगायचात की मेहुणे बंदरावर नोकरीला आहेत. मामा यायचा तेव्हा त्याला मागच्या दाराने आत घ्यायचात आणि त्याने आणलेल्या सुक्या बोंबलांच्या वासाला नाक मुरडून, रात्री तेच बोंबील दोनदा मागून खायचात.

आईला नुसतं बसणं माहीत नव्हतं. भातलावणीच्या दिवसांत उत्रोलीच्या बायका आमच्या दारावरून खाचरांकडे जायच्या, डोक्यावर पावसासाठी पानांची इरली, एकमेकींची चेष्टा करत. आई दारात उभी राहून बघायची. एकदा तिने धीर करून तुम्हाला विचारलं की मी पण आवणीला जाऊ का, चार पैसे येतील आणि जिवाला बरं वाटेल. तुम्ही वर्तमानपत्र खाली ठेवलंत आणि शांतपणे सांगितलंत की मास्तरच्या बायकोने दुसऱ्याच्या बांधावर मजुरीला जाणं शोभत नाही, लोक तोंडात शेण घालतील. तिने पुन्हा विचारलं नाही. हे तुमचं बोलणं मी मुद्दाम लिहून ठेवते आहे, कारण पुढे ते लागणार आहे.

दिवाळीत मात्र आईला मोकळीक असायची. परसात आम्ही भावंडं किल्ला करायचो आणि आई आमच्यात मूल होऊन बसायची. किल्ला दरवर्षी तोरणाच. दुसरा कुठलाही केला तर ती हात लावायची नाही. दगड रचायचे, वर पोत्याचे तुकडे टाकायचे, त्यावर लाल मातीचा चिखल लिंपायचा, अळीव पेरायचे म्हणजे पाडव्यापर्यंत डोंगर हिरवागार दिसतो. माचीवर एक गुळगुळीत खडा ठेवायचा, त्याला हळदकुंकू लावायचं, ती मेंगाई. किल्ल्यावर देवी नसली तर तिथे राहायचं कुणी, असं आईचं म्हणणं. काम करता करता ती आम्हाला सांगायची की तोरण्याला तोरणा का म्हणतात. डोंगरभर तोरणाची काटेरी झुडपं आहेत, उन्हाळ्यात त्यांना पांढरी गोड फळं येतात, लहानपणी ती आणि मामा ती फळं काढायला जायचे आणि हात ओरबाडून घेऊन परत यायचे. महाराजांनी गडाला दुसरं मोठं नाव दिलं, पण माणसांच्या तोंडात राहिलं ते झुडपाचंच.

त्या वर्षी दिवाळीच्या सुट्टीआधी शाळातपासणीला पुण्याहून गोरा साहेब येणार अशी बातमी आली आणि तुमचं जेवणावरचं लक्ष उडालं. साहेबाला दाखवायला प्रत्येक मास्तराने काहीतरी करायचं होतं. तुमच्याजवळ विलायतच्या इतिहासाचं एक जाडजूड पुस्तक होतं. त्यात एका किल्ल्याचं चित्र होतं. आपल्यासारखा डोंगरावरचा नाही, समुद्रकाठचा. मध्ये बुटका गोल बुरूज, त्याला चिकटून चहूकडे अर्धगोल बुरूज, वरून पाहिलं तर पाकळ्या उघडलेलं फूल. भोवती खंदक आणि भिंतींना तोफांसाठी भोकं. तुम्ही रोज दिवेलागणीला मला समोर बसवून शिकवायला लागलात, कारण साहेबासमोर इंग्रजीत उत्तर मी द्यायचं होतं. विलायतेत एक राजा होता, लग्नांवर लग्नं करणारा. त्याने आपल्या धर्मगुरूशी भांडण काढलं, मग शेजारचे राजे चाल करून येतील म्हणून घाबरला, आणि त्याने सगळ्या किनाऱ्यावर असले किल्ले बांधायला काढले. बांधायचा बेत त्याने कागदावर उतरवून हुकूम म्हणून धाडला. असल्या बेताच्या हुकुमाला त्यांच्या जुन्या भाषेत ‘डिव्हाइस’ म्हणत, म्हणून ते किल्ले ‘डिव्हाइस फोर्ट’. दगड कुठून आणले, हेही तुम्ही कौतुकाने सांगितलंत. राजाने मठ मोडले होते, त्यांचेच चिरे किल्ल्यांना लावले.

आई चुलीपाशी ऐकत होती. एरवी गप्प असणारी ती त्या दिवशी बोलली. देवाची घरं पाडून किल्ले बांधले आणि त्याचं एवढं कौतुक कसलं, असं तिने विचारलं. तुम्ही हसलात. किल्ल्याचं नाव झुडपावरून पडतं तिथे लोक रानटी असतात, आणि राजाच्या लेखी हुकुमावरून पडतं तिथे राज्य चालतं, असं तुम्ही म्हणालात. मला तेव्हा ते फार हुशारीचं वाटलं. आता मी शाळेत शिकवते तेव्हा मला दिसतं की त्या किल्ल्यांच्या नावात चिरे वाहणाऱ्यांचा मागमूस नाही. ज्याने कागद लिहिला त्याचा कागद राहिला. तुम्हाला हेच तर आवडलं होतं.

आमचा तोरणा तेव्हा परसात पुरा होत आला होता, अळिवाला कोंब फुटले होते. शाळेच्या आवारात तुमचा विलायती किल्ला उभा राहीना, कारण तुमची मुलं चिखल थापायची आणि गोल भिंत वाळली की तडकायची. एका सकाळी तुम्ही चार मुलांना घेऊन परसात आलात आणि तोरणा मोडायला लावलात. नदीतून वेचून आणलेले गोटे, पोती, माती, सगळं पाट्यांत भरून शाळेत नेलंत. धाकटा रडायला लागला तर त्याला म्हणालात की विद्येच्या कामाला लागतंय. मग आईलाही न्यायला आलात. मास्तरच्या बायकोने बाहेर राबू नये हा नियम त्या दिवसापुरता बाजूला राहिला. ती कासोटा खोचून मातीत भाताचं तूस आणि शेण घालून पायांनी मळायला लागली. सकाळी स्वयंपाक उरकून जायची आणि दिवेलागणीला परत यायची. तुम्ही खुर्चीवर बसून पुस्तकातलं चित्र बघत ‘अजून गोल, अजून गोल’ म्हणायचात. तिच्या नखांतलं शेण जेवतानाही निघायचं नाही, आणि तुम्हाला वाढायला ती आली की तुम्ही ताट थोडं आपल्याकडे ओढून घ्यायचात. हे मी पाहिलं आहे, आबा.

किल्ला झाला मात्र देखणा. खंदकात पाणी, पाण्यात निळीची पूड, कागदाची गलबतं. मुलांनी सवयीने त्यावरही अळीव पेरले, त्यामुळे विलायती बुरुजांवर हिरवी लव उगवली आणि तुम्ही डोक्याला हात लावलात. आईने त्याहून कहर केला. मधल्या बुरुजावर तिने खडा बसवला आणि हळदकुंकू लावलं. तुमची नजर गेली तशी तुम्ही तो उचलून कुंपणापलीकडे भिरकावलात. आई उठली. कुंपणाला वळसा घालून गेली, खडा शोधला आणि कनवटीला लावला.

साहेब यायच्या दिवशी बुरुजाला एक चीर गेली म्हणून तुम्ही तिला भल्या सकाळी बोलावून घेतलंत. साहेब वेळेआधीच आला. तिला निघून जायला जागा राहिली नाही, ती किल्ल्याशेजारीच पदर पुढे ओढून उभी राहिली, कोपरापर्यंत चिखल. साहेब किल्ल्याभोवती फिरला. चिरूटाची राख त्याने आमच्या निळ्या समुद्रात झटकली आणि तुम्ही मान डोलावलीत. त्याने मला विचारलं की ह्या किल्ल्यांना असं नाव का. मी न अडखळता राजाचा बेत, हुकूम, सगळं धडाधड सांगितलं. साहेब म्हणाला, गुड. तुमचा चेहरा उजळला. मग त्याने आईकडे बोट केलं आणि विचारलं की ही कोण. मी आनंदाने सांगणारच होते, माझ्या तोंडात ‘माय मदर’ आलंसुद्धा होतं. तुम्ही माझ्या पुढे झालात, हात जोडलेत आणि हसत म्हणालात, “ओन्ली अ कुली वुमन, सर.”

माझ्या कानशिलात कुणी मारली असती तर बरं वाटलं असतं. साहेबाने किल्ला चांगला बांधलाय असं काहीतरी म्हटलं, खिशात हात घातला आणि इंग्रज राजाचा मुखडा असलेली चांदीची आठ आण्यांची अधेली आईच्या चिखलाच्या हातावर ठेवली. आईने ती मुठीत घेतली, खाली मान घातली. मी तुमच्याकडे पाहत राहिले. तुम्ही माझ्याकडे पाहिलं नाहीत.

त्या संध्याकाळी घरी येऊन तुम्ही जे केलंत त्याची मला त्या वाक्याहून जास्त शिसारी आहे. पाटावर बसून तुम्ही आईला रंगवून रंगवून सांगितलंत की मी साहेबांना म्हटलं, ही माझी पत्नी, हिनेच हा किल्ला उभा केला. साहेब थक्क झाले, आमच्या देशात अशी बाई असती तर तिचा सत्कार झाला असता असं म्हणाले, आणि मान म्हणून त्यांनी नाणं दिलं. मी कोपऱ्यात बसले होते. इंग्रजी कळणारं घरात तुमच्यामाझ्याखेरीज कुणी नव्हतं, आणि बोलता बोलता तुम्ही माझ्याकडे असं बघितलंत की मी मान वळवून दिव्याची वात सारायला लागले. आईने सगळं ऐकून घेतलं. मग उठून तिने अधेली राखेने घासली, धुतली आणि देव्हाऱ्यात मेंगाईच्या खड्याशेजारी ठेवली.

पुढे काय झालं ते तुम्हाला माहीत आहे. सुट्टीत कुणाची तरी म्हैस आवारात शिरली आणि खंदकात बसली. लोळून लोळून तिने सगळे बुरूज सपाट केले आणि राजाच्या समुद्रात शेणाचे पो टाकले. तुम्ही ते पाहून घरी आलात तेव्हा तुमचं तोंड सुकलं होतं. मला हसू आलं, खोटं कशाला सांगू. साहेबाकडून बढतीचं पत्र येईल म्हणून तुम्ही वाट बघत राहिलात. ते काही आलं नाही. काही वर्षांनी विषमज्वराने तुम्ही गेलात. मी रडले, रीतीप्रमाणे सगळं केलं, आणि मनात म्हटलं की आता ते खोटं एकटी मीच सांभाळायचं.

कारण अधेली तिथेच होती. दर लक्ष्मीपूजनाला आई पाटावर तांदूळ पसरायची, त्यावर अधेली ठेवायची, हळदकुंकू वाहायची, झेंडूचं फूल ठेवायची आणि लाह्याबत्ताशांचा नैवेद्य दाखवायची. तुमच्या ‘कुली वुमन’ची बिदागी आमच्या घरात लक्ष्मी होऊन बसली होती. तो प्रसाद मी एकाही वर्षी तोंडात घातला नाही. कधी पोट दुखतंय म्हणायची, कधी दात. आईने कधी आग्रह केला नाही. मला वाटायचं, भोळी आहे, तिचा मान आहे तो, राहू दे. आणि तुमची आणखी किळस यायची, की तुम्ही मेल्यावरही तिला दरवर्षी फसवता आहात आणि मला त्यात सामील करून घेता आहात.

गेल्या दिवाळीला आई माझ्याकडेच होती, अंथरुणाला टेकलेली. पूजा तिने बसल्या जागेवरूनच केली. नैवेद्य झाल्यावर तिने मला पहिल्यांदा हाक मारली, बत्तासा पुढे केला आणि म्हणाली, घे की ह्या वर्षी तरी. मला काय झालं कुणास ठाऊक. मी खाली बसले आणि सगळं बोलून टाकलं. साहेबाने काय विचारलं, तुम्ही काय सांगितलंत, कुठल्या शब्दात सांगितलंत. बोलून झाल्यावर मला भीती वाटली की आता हिचा जीव जातो की काय.

आई गालातल्या गालात हसत होती.

“कुली म्हनलं ते. मला काय तो शबुद कळत न्हाई व्हय?” ती म्हणाली. “माजा भाऊ जलमभर गोदीत कुलीच हुता की.”

मी विचारलं की मग तू त्याच वेळी का बोलली नाहीस, घरी आल्यावर आबांना का नाही विचारलंस.

“काय इचारू? घरी यिऊन त्येंनी किती रंगवून सांगितलं. त्येंचं त्येंनाच तोंड दाखवायला जागा न्हवती. म्हनलं, झाकू दे त्येंना.”

मग मी ते नाणं देवात का ठेवलंस म्हणून तिच्यावर चिडलेच. तिने अधेलीवरचं कुंकू बोटाने सारखं केलं.

“मजुरी हाय ती माजी. लगीन झाल्यापासनं राबले, पर कुनी हातावर पैसा ठिवला न्हाई. तुज्या आबांनी उत्रोलीला आवनीला जाऊ दिलं न्हाई. म्या किल्ला बांदला, त्येचं त्या साहेबानं दिलं. घामाचं हाय. त्येला लक्ष्मी म्हनायचं न्हाई तर कशाला म्हनायचं?”

बत्तासा मी तेव्हाही खाल्ला नाही, हातात धरून बसले. पौषात आई गेली.

तर आबा, तुम्हाला माहीत नसलेली गोष्ट ही. तिला कळलं होतं. तुम्ही पाटावर बसून तिच्या मानाच्या गोष्टी सांगत होतात तेव्हा समोर बसून ती तुमचं खोटं ऐकत होती आणि तुमची लाज झाकत होती. त्यानंतरची सगळी वर्षं तुमच्या पानात भाकरी वाढताना तिला ते माहीत होतं. आपण अडाणी बायकोला छान फसवलं ह्या समाधानात तुम्ही डोळे मिटलेत. ते समाधान तुमच्याकडून काढून घ्यावं म्हणून मी हे लिहायला बसले. आता लिहून झालं आणि ध्यानात आलं की तिने जे तुम्हाला बोलून दाखवलं नाही, ते मी बोलून दाखवते आहे. तिला आवडलं नसतं. म्हणून हा कागदही तुमच्या फोटोखाली ट्रंकेत जाईल. किळस आहे ती आहेच, तिच्यात मी काही कमी करत नाही.

काल पूजा मी मांडली. पाटावर तांदूळ, तांदळावर आईची अधेली, शेजारी मेंगाईचा खडा. हळदकुंकू लावलं. प्रसाद खाल्ला, चांगला मूठभर खाल्ला. एवढं मात्र कबूल करते, की वाटताना हाताच्या सवयीने तुमच्या नावाचाही एक बत्तासा बाजूला काढला होता. मग तोही मीच खाल्ला.